विलंबित निवृत्तिवेतन : कार्यालयीन भाषा, हक्क आणि कायदेशीर उपाय

"आपल्या प्रकरणी कार्यवाही सुरू असून निवृत्तिवेतन मंजूर होण्यास विलंब होत आहे, याची कृपया नोंद घ्यावी." एका निवृत्त लिपिकाने दीड वर्षाच्या अवधीत आपल्या पूर्वीच्या कार्यालयाशी केलेला पत्रव्यवहार काही महिन्यांपूर्वी माझ्या पाहण्यात आला. त्यात हे वाक्य थोड्याफार फरकाने सहा वेळा आले आहे. ते गृहस्थ माझ्याकडे कायद्याचा सल्ला घेण्यासाठी आले नव्हते. उत्तराचा मसुदा शुद्ध मराठीत करून मिळावा, एवढीच त्यांची अपेक्षा होती. मसुदा करावयास बसलो तेव्हा असे दिसून आले की, त्या सहाही पत्रांत विलंब 'होतो', तो कोणी 'करीत' नाही. त्रुटी 'आढळून येतात', त्या कोणाला आढळल्या हे कळत नाही. आणि प्रकरण 'परत करण्यात येते', परंतु ते परत करणारा हात वाक्यात कोठेच नाही. ज्या त्रुटीमुळे हे सारे अडले होते ती त्रुटी अशी की, सेवापुस्तकात दोन वर्षांच्या सेवेच्या पडताळणीची नोंद राहून गेली होती. सेवापुस्तक असते कार्यालयाच्या ताब्यात. आणि 'त्रुटीची पूर्तता व्हावी' असे पत्र मात्र निवृत्त कर्मचाऱ्याला जाते.

निवृत्तिवेतनाचा कायदा गेल्या अर्धशतकात अनुग्रहाच्या कल्पनेकडून हक्काच्या कल्पनेकडे आला. कार्यालयीन भाषा मात्र अद्याप अनुग्रहाच्याच व्याकरणात अडकून राहिली आहे. विलंबावरील कायदेशीर उपाय सफल होतो की नाही, हे पुष्कळ अंशी या भाषेतील लुप्त कर्ता शोधून काढण्यावर अवलंबून असते. हे विधान स्पष्ट करणे हाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. विवेचन मुख्यतः महाराष्ट्र राज्याच्या सेवेतील, जुन्या निवृत्तिवेतन योजनेखाली येणाऱ्या कर्मचाऱ्यांपुरते मर्यादित ठेवले आहे. १ नोव्हेंबर २००५ रोजी व त्यानंतर राज्यसेवेत आलेल्यांसाठी अंशदानावर आधारलेली निराळी व्यवस्था करण्यात आली. तिचा विचार येथे केलेला नाही.

१. तीन शब्द

'पेन्शन' हा शब्द लॅटिनमधील 'तोलणे, तोलून देणे' अशा अर्थाच्या धातूपासून आला आहे. मूळ अर्थाने पाहिले तर तोलून दिलेली, म्हणजे चुकती केलेली रक्कम ती पेन्शन. परंतु मराठी भाषिकांच्या कानावर हा शब्द आला तो या अर्थाने नव्हे. १८१८ मध्ये पेशवाईचा अंत झाल्यावर दुसऱ्या बाजीरावाला सालीना आठ लाख रुपये देण्याचे कंपनी सरकारने कबूल केले. १८५१ मध्ये बाजीराव बिठूर येथे निवर्तल्यावर ही रक्कम व्यक्तिगत होती असे म्हणून नानासाहेबांना ती नाकारण्यात आली. राज्यकर्त्याने द्यावी, त्यानेच बंद करावी आणि घेणाऱ्याने अर्ज करीत राहावे, असा पेन्शन या शब्दाचा राजकीय अर्थ आपल्याकडे प्रथम रूढ झाला.

१८७१ चा निवृत्तिवेतन अधिनियम याच वातावरणात जन्माला आला. त्याच्या कलम ४ ने, काही अपवाद वगळता, अशा देणग्यांविषयीचे दावे दिवाणी न्यायालयापुढे नेण्यास प्रतिबंध केला. त्याच अधिनियमाच्या कलम ११ ने मात्र निवृत्तिवेतन सावकाराच्या जप्तीपासून मुक्त ठेवले. सावकाराला दूर ठेवणाऱ्या कायद्याने न्यायाधीशालाही दूर ठेवले, ही गोष्ट त्या काळच्या कल्पनेशी सुसंगतच होती. कारण अनुग्रहाविषयी दावा कसा करावयाचा?

'निवृत्तिवेतन' या शब्दाची गोष्ट वेगळी आहे. त्यात 'वेतन' हे पद उघडपणे आलेले आहे, आणि वेतन म्हणजे केलेल्या कामाचा मोबदला. वेतन न देणे हा आपल्या प्राचीन व्यवहारशास्त्रात स्वतंत्र विवादविषय मानलेला आहे. मनुस्मृतीत सांगितलेल्या अठरा व्यवहारपदांत 'वेतनादान', म्हणजे वेतन न देणे, याचा समावेश होतो. राजसेवेत असता मरण पावलेल्यांच्या पुत्रांना व पत्नींना अन्न व वेतन मिळावे, असे कौटिल्याच्या अर्थशास्त्रातही सांगितले आहे. तेव्हा 'निवृत्तिवेतन' हा प्रतिशब्द स्वीकारला गेला तेव्हाच, प्रतिशब्द करणाऱ्यांच्या मनात असो वा नसो, हक्काची कल्पना त्या शब्दात येऊन बसली.

तिसरा शब्द 'उपदान'. इंग्रजीतील 'ग्रॅच्युइटी' हा शब्द लॅटिनमधील कृपावाचक शब्दाशी संबद्ध आहे, आणि मराठी प्रतिशब्दाने 'दान' घेऊन तोच भाव कायम ठेवला आहे. निवृत्त होणाऱ्याच्या हाती एकाच वेळी पडावयाच्या दोन रकमांपैकी एकीचे नाव वेतनावरून आणि दुसरीचे दानावरून पडावे, ही आपल्या परिभाषेतील विसंगती होय. कायद्याच्या दृष्टीने मात्र ही विसंगती उरलेली नाही. भारतीय संविधानाच्या अनुच्छेद ३६६ मधील सतराव्या खंडात 'निवृत्तिवेतन' या संज्ञेची जी व्याख्या दिली आहे, तीत उपदानाचा आणि भविष्य निर्वाह निधीतील वर्गणीच्या परताव्याचाही समावेश केलेला आहे.

२. 'मंजुरी' या शब्दाचा अर्थसंकोच

हक्काची कल्पना न्यायालयीन निर्णयांत स्पष्टपणे आली ती १९७१ मध्ये. देवकीनंदन प्रसाद विरुद्ध बिहार राज्य या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने असे ठरविले की, निवृत्तिवेतन ही सरकारच्या मर्जीवर अवलंबून असलेली देणगी नव्हे. ती कर्मचाऱ्याची मालमत्ता होय. या निर्णयातील दोन मुद्दे आपल्या विषयाच्या दृष्टीने फार महत्त्वाचे आहेत. पहिला असा की, निवृत्तिवेतनाचा हक्क एखाद्या अधिकाऱ्याच्या आदेशातून उत्पन्न होत नाही, तो नियमांतून उत्पन्न होतो. रक्कम किती, सेवेचा काळ किती, हे मोजण्यासाठी आदेशाची आवश्यकता असेल. हक्क जन्माला येण्यासाठी नाही. दुसरा मुद्दा असा की, १८७१ च्या अधिनियमाचा प्रतिबंध दिवाणी दाव्यापुरता आहे. उच्च अथवा सर्वोच्च न्यायालयाने शासनाला कर्तव्य करण्याचा आदेश देण्याच्या आड तो येत नाही.

पहिल्या मुद्द्याचा भाषिक परिणाम पाहावा. 'निवृत्तिवेतन मंजूर करणे' या प्रयोगात 'मंजूर' हा शब्द अर्जावरील मर्जी सुचवितो. १९७१ नंतर कायद्याच्या दृष्टीने त्याचा अर्थ संकोच पावून केवळ 'हिशेब करून आकडा निश्चित करणे' एवढाच उरला आहे. शब्द तोच राहिला, अर्थ आटला. आणि ज्यांना हे ठाऊक नाही ते आजही मंजुरीची वाट कृपेची वाट पाहावी तशी पाहतात.

१९७८ च्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून काढण्यात आला. परंतु त्याच दुरुस्तीने घातलेल्या अनुच्छेद ३००-अ प्रमाणे कायद्याच्या प्राधिकाराविना कोणाचीही मालमत्ता हिरावून घेता येत नाही. या अनुच्छेदाच्या आधारे २०१३ मध्ये, झारखंड राज्य विरुद्ध जितेंद्रकुमार श्रीवास्तव या प्रकरणी, सर्वोच्च न्यायालयाने असे सांगितले की, नियमात तशी तरतूद नसताना केवळ प्रशासकीय सूचनांच्या बळावर निवृत्तिवेतन, उपदान किंवा रजेचे रोखीकरण यांचा कोणताही भाग रोखून धरता येणार नाही.

या दोहोंच्या मध्ये येतो तो डी. एस. नकारा विरुद्ध भारत संघराज्य हा १७ डिसेंबर १९८२ चा निर्णय. सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने त्यात निवृत्तिवेतनाचे स्वरूप सांगितले : ते पूर्वी केलेल्या सेवेचा पुढे ढकललेला मोबदला आहे, आणि वृद्धापकाळी माणसाला सन्मानाने जगता यावे यासाठीचे सामाजिक न्यायाचे साधनही आहे. १७ डिसेंबर हा दिवस निवृत्तिवेतनधारक दिन म्हणून पाळला जातो तो याच निर्णयामुळे. मराठीतील 'वेतन' या पदाने जे आधीच सुचविले होते, ते या निर्णयाने तर्कशुद्ध रीतीने प्रस्थापित केले, असे म्हणावयास हरकत नाही.

३. विलंबाला कर्ता असतो

येथवर हक्काचा विचार झाला. हक्क मान्य असूनही तो वेळेवर न मिळणे, हा प्रश्न निराळा आहे. त्यासंबंधीचा मूलभूत निर्णय नकारा निर्णयानंतर बरोबर दोन वर्षांनी, १७ डिसेंबर १९८४ रोजी, केरळ राज्य विरुद्ध एम. पद्मनाभन नायर या प्रकरणी झाला. हकीकत साधी होती. एक सरकारी सेवक १९ मे १९७३ रोजी निवृत्त झाला; त्याचे निवृत्तिवेतन व उपदान त्याला १४ ऑगस्ट १९७५ रोजी, म्हणजे सुमारे सव्वादोन वर्षांनी मिळाले. कारण एवढेच की, जिल्हा कोषागार अधिकाऱ्याने अंतिम वेतन प्रमाणपत्र वेळेवर दिले नाही.

न्यायालयाने म्हटले की, निवृत्तीची तारीख पुष्कळ आधीपासून ठाऊक असते. मग सारी कागदपत्रे निवृत्तीच्या निदान एक आठवडा आधी तयार का असू नयेत? दोषास्पद विलंब झाल्यास निवृत्तीनंतर दोन महिने संपताच बाजारातील प्रचलित दराने दंडरूप व्याज देण्याची जबाबदारी शासनावर येते, असे तत्त्व न्यायालयाने घालून दिले.

परंतु या निर्णयाच्या शेवटी आलेल्या दोन गोष्टी अधिक बारकाईने पाहण्यासारख्या आहेत. दावेदाराने १२ टक्के व्याज मागितले होते. जिल्हा न्यायालयाने ६ टक्के दिले. आणि उच्च न्यायालयात त्याने त्याविरुद्ध आक्षेप घेतला नाही. त्यामुळे १२ टक्के देण्याची इच्छा असूनही सर्वोच्च न्यायालयाला तो दर वाढविता आला नाही. दुसरी गोष्ट अशी की, ज्या कोषागार अधिकाऱ्याच्या हयगयीमुळे विलंब झाला त्याला दाव्यात प्रतिवादी केलेले नव्हते. म्हणून त्याच्यावर रकमेची जबाबदारी टाकता आली नाही. त्याच्याकडून नुकसानभरपाई घ्यावयाची की नाही, हे शासनाने ठरवावे असे सांगून न्यायालयाला थांबावे लागले. कर्ता ज्ञात होता, तरी तो दाव्याच्या वाक्यात नव्हता. आणि जो वाक्यात नाही त्याला न्यायालयही हात लावू शकत नाही.

मराठीचे व्याकरण येथे लक्षात घ्यावे. 'विलंब झाला' या वाक्यात क्रियापद अकर्मक आहे. विलंब हाच तेथे कर्त्याच्या जागी बसतो आणि विलंब करणाऱ्याला जागाच उरत नाही. 'विलंब केला' म्हटले की क्रियापद सकर्मक होते, आणि भूतकाळात कर्त्याला तृतीयेचा प्रत्यय घेऊन पुढे यावे लागते : कार्यालयाने विलंब केला, कोषागाराने विलंब केला. '-ण्यात येणे' हा कार्यालयीन मराठीचा अत्यंत आवडता प्रयोगही कर्ता गाळण्याची सोय करून देतो. 'प्रस्ताव परत करण्यात आला' या वाक्याला व्याकरणाच्या दृष्टीने कोणतीही उणीव जाणवत नाही. उणीव जाणवते ती निवृत्त माणसाला.

४. नियमांची भाषा

महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ यांनी निवृत्तिवेतनाच्या कागदपत्रांची सिद्धता निवृत्तीच्या दोन वर्षे आधीपासून हाती घ्यावी, असा क्रम आखून दिला आहे. सेवापुस्तकाची पडताळणी, वेतननिश्चितीची तपासणी, शासकीय येणे रकमांचा शोध, महालेखापालांकडे प्रस्ताव, आणि मग कोषागारातून प्रदान, असा तो क्रम होय. त्यात कर्मचाऱ्याने करावयाच्या गोष्टी थोड्या आहेत : विहित नमुने भरून देणे, नामनिर्देशन करणे, छायाचित्र व स्वाक्षरीचा नमुना देणे. बाकीचे सारे कार्यालयाचे काम आहे. अंतिम प्रकरण पूर्ण न झाल्यास तात्पुरते निवृत्तिवेतन सुरू करण्याची तरतूदही आहे. ती पुष्कळांना ठाऊक नसते.

याच नियमांतील नियम १२९-अ उपदानाच्या, आणि नियम १२९-ब निवृत्तिवेतनाच्या विलंबित प्रदानावरील व्याजाविषयी आहे. उपदानाच्या बाबतीत ते देय झाल्यापासून तीन महिन्यांनंतरच्या, आणि निवृत्तिवेतनाच्या बाबतीत सहा महिन्यांनंतरच्या काळाबद्दल व्याज देय होते. परंतु त्याला एक अट आहे : विलंब प्रशासकीय हयगयीमुळे झाला हे स्पष्टपणे सिद्ध झाले पाहिजे, आणि तो कर्मचाऱ्याने विहित कार्यपद्धती न पाळल्यामुळे झालेला असता कामा नये.

म्हणजे सारा वाद अखेरीस कर्तृत्वाचा होतो. 'त्रुटीची पूर्तता झाली नाही' या वाक्याचा कर्ता कर्मचारी ठरला तर व्याज नाही. कार्यालय ठरले तर आहे. आरंभी उल्लेखिलेल्या लिपिकाच्या प्रकरणी कार्यालयाचे पत्र कर्ता सांगत नव्हते. परंतु ते पत्र कर्मचाऱ्याला उद्देशून लिहिलेले असल्यामुळे वाचणाऱ्याची समजूत अशी होते की, पूर्तता त्यानेच करावयाची होती. असे एखादे पत्र अनुत्तरित राहिले, तर पुढे तेच त्याच्याविरुद्ध पुरावा म्हणून येऊ शकते. केंद्रीय सेवेच्या नियमांत, व्याज द्यावे लागलेल्या प्रकरणी विलंबाची जबाबदारी निश्चित करून संबंधितांविरुद्ध शिस्तभंगाची कारवाई करण्याचेही सांगितले आहे. यावरून कर्ता गाळण्याची प्रवृत्ती केवळ शैलीची सवय नव्हे, तिच्यामागे स्वसंरक्षणही असू शकते, हे ध्यानी येईल.

नियमच नसेल तर काय? या प्रश्नाचे उत्तर २००८ मध्ये एस. के. दुआ विरुद्ध हरियाणा राज्य या निर्णयात मिळते. नियमात तरतूद असेल तर नियमाधारे, ती नसेल तर प्रशासकीय सूचनांच्या आधारे, आणि त्याही नसतील तर संविधानाच्या अनुच्छेद १४, १९ व २१ यांच्या आधारे व्याजाची मागणी करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात म्हटले आहे.

५. उपायांचा क्रम

(अ) निवेदन. पहिली पायरी लेखी निवेदनाची. त्यात 'मंजुरी मिळावी ही विनंती' एवढेच लिहून भागत नाही. निवृत्तीची तारीख, कोणती रक्कम कोणत्या दिवशी देय झाली, कोणती कागदपत्रे कोणत्या दिवशी दिली व त्यांची पोच, कोणते काम कोणत्या कार्यालयाकडे शिल्लक आहे, आणि देय रकमेवर कोणत्या तारखेपासून व्याज मागितले आहे, एवढ्या गोष्टी निवेदनात स्वच्छपणे याव्यात. भाषा नम्र असण्यास कोणतीच हरकत नाही. मात्र प्रत्येक क्रियापदाला कर्ता असावा.

(आ) माहितीचा अधिकार. कर्ता ठाऊक नसेल तर तो शोधून काढण्याचे साधन माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ याने दिले आहे. आपली धारिका कोणत्या तारखेला कोणत्या पदाधिकाऱ्याकडे गेली, तेथे किती दिवस राहिली आणि तिच्यावर कोणते शेरे लिहिले गेले, एवढे विचारावे. माहिती सामान्यतः ३० दिवसांत द्यावी लागते. न दिल्यास त्या अधिनियमाखाली अपील करता येते. बाधित व्यक्तीला प्रशासकीय निर्णयाची कारणे कळवावीत, असे त्याच अधिनियमाच्या कलम ४ मध्ये सांगितले आहे. '-ण्यात आले' या प्रयोगात लपलेला कर्ता धारिकेवरील शेऱ्यांत बहुधा स्वाक्षरीसह सापडतो.

(इ) न्यायाधिकरण. राज्य शासनाच्या सेवकांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण आहे; त्याची पीठे मुंबई, नागपूर व छत्रपती संभाजीनगर येथे आहेत. केंद्रीय सेवकांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. दोन्ही प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ याखाली चालतात. येथे मुदतीचा हिशेब नीट समजून घ्यावा. निवेदनावर अंतिम आदेश झाला तर त्या दिवसापासून एक वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो. निवेदन देऊन सहा महिने लोटले आणि उत्तरच आले नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्षाच्या आत. म्हणजे अनुत्तरित निवेदनानंतर साधारणपणे सहाव्या महिन्याची अखेर आणि अठराव्या महिन्याची अखेर यांच्या मध्ये दार उघडे असते. पुरेसे कारण दाखविल्यास विलंब क्षमापित होऊ शकतो, परंतु त्यावर विसंबून राहू नये.

पुष्कळ निवृत्त सेवक दर दोन महिन्यांनी स्मरणपत्र पाठवितात आणि प्रत्येक स्मरणपत्राबरोबर मुदत नव्याने सुरू होते अशी समजूत करून घेतात. ही समजूत चुकीची आहे. कायद्याने न सांगितलेली निवेदने पुनःपुन्हा केल्याने मुदत वाढत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये एस. एस. राठोर विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या प्रकरणी स्पष्ट केले आहे. न्यायाधिकरणापुढे अर्जदाराला स्वतः उभे राहून आपली बाजू मांडता येते, हेही येथे सांगितले पाहिजे.

(ई) उच्च न्यायालय. जिल्हा परिषदा, महानगरपालिका, विद्यापीठे व अनुदानित महाविद्यालये यांतील सेवकांची निवृत्तिवेतनाची गाऱ्हाणी सामान्यतः या न्यायाधिकरणाच्या कक्षेत येत नाहीत. त्यांना संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात जावे लागते. न्यायाधिकरणाच्या निर्णयाविरुद्धही प्रथम उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडेच जावयाचे असते, हे १९९७ मधील एल. चंद्रकुमार प्रकरणाने निश्चित झाले. निवृत्तिवेतन कमी ठरविले असेल, तर ती हानी दरमहा होत राहते. अशा चालू राहणाऱ्या अन्यायाबद्दल उशिरानेही दाद मागता येते. परंतु मागील थकबाकी सामान्यतः याचिकेपूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते, असे २००८ मधील तरसेम सिंग प्रकरणात ठरले आहे. हक्क जिवंत राहिला तरी रक्कम झिजत जाते, हे या निर्णयाचे व्यावहारिक तात्पर्य होय.

(उ) लोक आयुक्त. महाराष्ट्राने १९७१ मध्ये लोक आयुक्तांविषयीचा अधिनियम केला तेव्हा नेमणूक, वेतन, शिस्त इत्यादी सेवाविषयक बाबी चौकशीच्या कक्षेबाहेर ठेवल्या. परंतु निवृत्तिवेतन, उपदान व भविष्य निर्वाह निधी यांच्या मागण्या त्या वगळणुकीतूनही वगळल्या. अपवादातील हा अपवाद मुद्दाम लिहिला गेला, यावरून निवृत्तीनंतरच्या अडवणुकीची जाणीव विधिमंडळाला त्या वेळीही होती, असे अनुमान काढता येते.

६. अडवणुकीची दोन नेहमीची कारणे

पहिले कारण जादा प्रदानाच्या वसुलीचे. निवृत्तीच्या तोंडावर वेतनपडताळणी होते, पंधरा-वीस वर्षांपूर्वीच्या वेतननिश्चितीत चूक निघते, आणि उपदानातून मोठी रक्कम कापून घेतली जाते. चूक कार्यालयाची असून कर्मचाऱ्याकडून लबाडी झालेली नसेल, तर तृतीय व चतुर्थ श्रेणीतील सेवकांकडून, निवृत्त झालेल्या अथवा एका वर्षात निवृत्त होणाऱ्या सेवकांकडून, तसेच पाच वर्षांहून अधिक काळ चालू राहिलेल्या जादा प्रदानाबाबत वसुली करणे कायद्याला धरून नाही, असे २०१४ मध्ये पंजाब राज्य विरुद्ध रफीक मसीह या प्रकरणी ठरले. तथापि २०१६ मधील जगदेव सिंग प्रकरणाने यात एक मर्यादा घातली : सुधारित वेतन घेताना 'जादा रक्कम आढळल्यास परत करीन' असे वचनपत्र अधिकाऱ्याने दिले असेल, तर ते त्याच्यावर बंधनकारक राहते. कार्यालयीन मराठीत असे वचनपत्र हेच बहुधा एकमेव ठिकाण, जेथे कर्ता प्रथमपुरुषी, स्पष्ट आणि स्वाक्षरीसह हजर असतो. न वाचता स्वाक्षरी करण्याची सवय किती महाग पडते, हे यावरून समजावे.

दुसरे कारण प्रलंबित चौकशीचे. विभागीय अथवा न्यायालयीन कार्यवाही खरोखर चालू असेल, तर १९८२ च्या नियमांतील नियम १३० प्रमाणे तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते आणि उपदान कार्यवाही संपेपर्यंत थांबते. गंभीर गैरवर्तन सिद्ध झाल्यास नियम २७ खाली निवृत्तिवेतन रोखताही येते. परंतु 'चौकशी प्रस्तावित आहे' आणि 'चौकशी सुरू झाली आहे' या दोन वाक्यांत कायद्याच्या दृष्टीने महदंतर आहे. दोषारोपपत्र कोणत्या तारखेला बजावले, हा प्रश्न विचारला की पहिल्या वाक्यामागे काही आहे की नाही ते उघड होते.

७. समारोप

वरील विवेचनावरून असे दिसून येईल की, या विषयात कायदा पुष्कळसा स्पष्ट आहे. धूसर आहे ती त्याच्याभोवतीची भाषा. प्रशासनाची भाषा मराठी व्हावी यासाठी १९६४ चा राजभाषा अधिनियम झाला, परिभाषा घडविण्यात आली, आणि त्या कामाचे मोल मोठे आहे. परंतु परिभाषेच्या चर्चेत आपण शब्दांकडे जितके लक्ष दिले तितके वाक्याकडे दिले नाही. 'उपदान' हा शब्द बदलावा की नाही, यापेक्षा 'विलंब झाला' हे वाक्य चालू द्यावे की नाही, हा प्रश्न निवृत्त माणसाच्या दृष्टीने अधिक जिव्हाळ्याचा आहे. कार्यालयीन मराठीतील कर्तृलोपाचा पद्धतशीर अभ्यास आपल्या विभागातील एखाद्या विद्यार्थ्याने हाती घेतल्यास, तो व्याकरणाला आणि समाजाला सारखाच उपयोगी पडेल.

त्या लिपिक गृहस्थांच्या पत्राचा मसुदा आम्ही दोघांनी मिळून केला. 'सेवापुस्तक आपल्या ताब्यात असून त्यातील पडताळणीची नोंद आपल्या कार्यालयाने केलेली नाही' या वाक्याशी ते बराच वेळ थांबले. बत्तीस वर्षे त्यांनी स्वतःच अशी पत्रे लिहिली होती आणि त्यांत कधी कोणाचे नाव येऊ दिले नव्हते. "असे लिहिले तर साहेबांना राग येईल," ते म्हणाले. ते निवृत्त होऊन तेव्हा अठरावा महिना लागला होता. पहिल्या निवेदनाची तारीख आम्ही पुन्हा एकदा पाहिली, मुदतीचे दिवस मोजले, आणि ते वाक्य तसेच राहू दिले.